आवर्तन येण्याआधीचे पंधरा दिवस: कालव्याखालच्या गावासाठी कामाची टिपणं

कालव्याखालच्या गावातली भांडणं आवर्तन आल्यावर, म्हणजे कालव्याला ठरल्या दिवसांचं पाणी सुटल्यावर पेटतात, पण त्यांची कारणं पंधरा दिवस आधीची असतात. चारीत, म्हणजे शेतापर्यंत पाणी नेणाऱ्या छोट्या पाटात, बेशरमीचं झुडूप माजलेलं असतं, दाराची फळी कोणी तरी नेलेली असते, कोणाचा नंबर कितीला हे कागदावर नसतं, आणि टेलच्या, म्हणजे चारीच्या शेवटाच्या, निम्म्या लोकांनी सात नंबरचा फॉर्मच (पाणी मागणी अर्ज) भरलेला नसतो. ही टिपणं सरपंच, ग्रामपंचायत अधिकारी (लोक अजून ग्रामसेवकच म्हणतात), पाणी वापर संस्थेचे संचालक आणि रात्री दारं धरणारे (शेतात पाणी वळवणारे) शेतकरी अशा सगळ्यांसाठी आहेत. उदाहरणातले आकडे एका मध्यम चारीचे धरले आहेत. आपल्या चारीचे आकडे घालून गणित पुन्हा मांडावं.

आधी हद्द ठरवा

कालवा, वितरिका (कालव्याची शाखा) आणि लघुवितरिका (तिची उपशाखा) जलसंपदा विभागाच्या. चकाच्या दाराखालची शेतचारी शेतकऱ्यांची. चक, म्हणजे एका दारावर भिजणारं क्षेत्र, साधारण ४० हेक्टरांच्या आसपास असतो. ‘महाराष्ट्र सिंचन पद्धतींचे शेतकऱ्यांकडून व्यवस्थापन अधिनियम, २००५’ खाली पाणी वापर संस्थेने लघुवितरिका ताब्यात घेतली असेल, तर तिची देखभालही संस्थेकडे येते. म्हणून हस्तांतराआधीची संयुक्त पाहणी हा उपचार समजू नये. त्या दिवशी नोंदवायचं राहिलेलं फुटकं दार पुढे संस्थेच्या खर्चाने बसतं.

ग्रामपंचायतीला कालव्याचं दार उघडायचा अधिकार नाही. सरपंचाने पाटकऱ्याला फोन करून दार वर घ्यायला लावणं हे गावाचं काम नव्हे. त्याने खालच्या गावाची पाळी बिघडते आणि पुढच्या आवर्तनात तेच आपल्या वाट्याला येतं. पण चारीवरून जाणारे गावरस्ते, त्याखालच्या मोऱ्या, गटारं, ओढेनाले, पिण्याच्या पाण्याचा साठवण तलाव आणि ग्रामसभा या सगळ्या गोष्टी पंचायतीच्या हातात आहेत. पाणी टेलला पोचतं की नाही, हे यांवर बरंच अवलंबून असतं.

तारखा आणि कागद

सिंचन वर्ष १ जुलैला सुरू होतं. खरीप १४ ऑक्टोबरपर्यंत, रब्बी १५ ऑक्टोबर ते फेब्रुवारीअखेर आणि उन्हाळी हंगाम १ मार्च ते ३० जून. १५ ऑक्टोबरच्या धरणसाठ्यावर रब्बी-उन्हाळ्याचं नियोजन बेततात आणि कालवा सल्लागार समितीत आवर्तनं किती, कधी हे ठरतं. गावाने आपलं म्हणणं या बैठकीच्या आधी लेखी पोचवावं. २ ऑक्टोबरच्या ग्रामसभेत विषय घेतला तर वेळ बरोबर साधते. ग्रामसभेची नोटीस सात दिवस आधी निघते आणि गणपूर्तीला एकूण मतदारांच्या १५ टक्के किंवा १०० मतदार, यातली कमी संख्या लागते. ठरावात ‘पाणी वेळेवर मिळावे’ असं मोघम लिहू नये. ‘गावात गव्हाची पेरणी १० ते २० नोव्हेंबर, पहिलं पाणी १ ते १० डिसेंबरदरम्यान हवं’ असं लिहावं. गव्हाला मुकुटमुळं फुटायची वेळ पेरणीनंतर १८ ते २१ दिवसांची असते. त्यामुळे ठरावाला पिकाचा आधार मिळतो आणि अधिकाऱ्यालाही तो पुढे मांडता येतो.

सात नंबरचा पाणी मागणी अर्ज प्रत्येक हंगामाला वेगळा भरावा लागतो. सातबारा, गट नंबर, पीक, क्षेत्र आणि मागची थकबाकी यांत अर्ज अडकतात. वाटणी झाली पण फेर पडलेला नाही, अशा भावांचे अर्ज सगळ्यांत जास्त परत येतात. त्यांनी संमतीपत्र आधीच जोडावं. पाणीपट्टीवर २० टक्के स्थानिक उपकर असतो, तो धरून पैसे आणावेत. अर्ज न भरता पाणी घेतलं तर ते अनधिकृत ठरतं आणि दंडाचा दर लागतो. याहून मोठं नुकसान वेगळंच आहे: मागणी कमी दिसली की चारीला विसर्गही (सेकंदाला सुटणारं पाणी) कमी मंजूर होतो. टेलच्या लोकांना ‘पाणी येतंच कुठे’ म्हणून अर्ज भरायचा कंटाळा असतो, आणि अर्ज नाहीत म्हणून पाणी येत नाही. ही गाठ सोडवायला पंचायतीत दोन दिवस टेबल टाकून टेलचे अर्ज आधी भरून घ्यावेत.

चारी पायी बघणं

आवर्तनाच्या पंधरा दिवस आधी टेलपासून हेडकडे (चारीच्या तोंडाकडे) चालत यावं. हेडकडून निघालं की पहिल्या दोन फर्लांगांतच चहा होतो आणि टेल बघायची राहते. सोबत मोजपट्टी, चुना, वही आणि प्लंबर वापरतात ती पाण्याची पारदर्शक लेव्हल नळी असावी. दर १०० मीटरला खुंटी मारून अंतर लिहावं, म्हणजे ‘आंब्याजवळचं भगदाड’ यावरून वाद होत नाहीत.

गाळ काढताना सगळ्यांत जास्त चुका होतात. जेसीबी मिळाला की चारी खोल करायची हौस येते. तळ खाली गेला की पाणी दिसतं भरपूर, पण शेतात चढत नाही; मग प्रत्येक जण आडवे बांध घालून पाणी फुगवतो आणि वरची चारी फुटते. चारीला उतार १ हजारात १ असेल तर १०० मीटरला १० सेंटिमीटरच पडतात. दोन खुंट्यांमधला फरक लेव्हल नळीने बघावा, आणि मूळ तळाची खूण पक्क्या बांधकामावर, म्हणजे दाराच्या उंबऱ्यावर, प्रपातावर (पाणी खाली पाडायच्या बांधकामावर) किंवा मोरीच्या तळावर शोधावी. तिथवरच गाळ काढायचा. काढलेला गाळ काठावर ढीग करून ठेवू नये. पहिल्या पावसात तो परत आत येतो.

बेशरम आणि पाणकणीस कापून उपयोग नाही. कापलेली बेशरम पाण्यासोबत वाहत जाऊन मोरीत अडकते आणि पडेल तिथे मुळं धरते. ती मुळासकट उपटून, काठापासून दूर उन्हात वाळवून जाळावी. पाणकणसाचे गड्डे गाळासोबतच निघाले पाहिजेत.

भगदाडं घुशी आणि खेकड्यांनी केलेली असतात. वरून ढेकळं टाकून बुजवलेलं बीळ पहिल्याच रात्री उघडं पडतं. बिळाच्या मागे मागे घट्ट मातीपर्यंत खणावं, कडांना पायऱ्या कराव्यात, आणि चिकणसर मुरूम ओला करून १५ सेंटिमीटरच्या थरांनी धुम्मसाने ठोकावा. नुसती काळी माती वाळली की भेगाळते, नुसता भरड मुरूम पाझरतो. पाणी यायच्या आठवडाभर आधी हे काम संपलं तर माती बसायला वेळ मिळतो.

मोऱ्यांकडे पंचायतीने स्वतःच्या चुका म्हणून बघावं. रस्त्याचं काम करताना ठेकेदार चारीवर हाताशी असलेला पाईप टाकून मोकळा होतो. ३०० मिलिमीटरचा पाईप सेकंदाला ६० लिटर कसेबसे नेतो. निम्मा गाळाने भरला की पाणी वर तुंबून काठावरून जातं. नवीन मोरी किमान ४५० मिलिमीटरची ठेवावी, जमलं तर ६००. पाण्याला एवढा व्यास लागत नाही, पण फावडं घेऊन माणसाला साफ करता येते. पाईपचा तळ चारीच्या तळाशी जुळला पाहिजे आणि वाहनांचा रस्ता असेल तर पाईप एनपी-३ दर्जाचा (वजन सोसणारा सिमेंट काँक्रीटचा) असावा. नळयोजनेची जलवाहिनी चारीचा काठ कापून गेली असेल तर तो चर तसाच सैल भरलेला असतो. फुटण्याची पुढची जागा बहुधा तीच. गावातला प्लॅस्टिक कचरा चारीत जात असेल तर मोरीच्या तोंडाशी जाळी बसवून भागणार नाही. आवर्तनात ती जाळी तासातासाला साफ कोण करणार हेही ठरवावं लागेल.

पाणी मोजणं

मोजल्याशिवाय ‘कमी सोडलं’ हे वाक्य कोणी ऐकत नाही. एक आकडा तोंडपाठ ठेवावा: एक क्युसेक म्हणजे सेकंदाला २८.३ लिटर, आणि एक क्युसेक तासभर चाललं की साधारण १०२ घनमीटर. म्हणजे एका एकरावर जवळजवळ एक इंच, किंवा एका हेक्टरवर एक सेंटिमीटर.

काहीच साधन नसेल तर तरंगत्या वस्तूने मोजता येतं. चारीचा सरळ, एकसारखा १० मीटरचा भाग निवडावा. पाण्याची वरची रुंदी ९० सेंटिमीटर, तळ ३० आणि खोली २५ असेल तर सरासरी रुंदी ६० धरून छेद ०.१५ चौरस मीटर येतो. कागदी लिंबू मधोमध सोडावं. ते बरंचसं पाण्यात बुडून तरंगतं म्हणून वाऱ्याने भरकटत नाही. पाच वेळा सोडून सरासरी काढावी. १० मीटरला २० सेकंद लागले तर पृष्ठवेग ०.५ मीटर, तळाशी आणि काठाशी पाणी हळू चालतं म्हणून त्याला ०.८ ने गुणायचं. ०.१५ गुणिले ०.४ म्हणजे सेकंदाला ६० लिटर, दोन क्युसेकच्या थोडं वर. या पद्धतीत दहावीस टक्के इकडेतिकडे होणारच. भांडणाला पुरेसं, हिशोबाला अपुरं.

हिशोबासाठी चकाच्या तोंडाशी ९० अंशांची व्ही-नॉच बसवावी. लोखंडी पत्र्याला काटकोनी खाच, कडा धारदार. टोकापासून पाण्याची उंची मोजली की प्रवाह असा येतो: १० सेंटिमीटरला सेकंदाला ४.४ लिटर, १५ ला १२, २० ला २४.७, २५ ला ४३ आणि ३० ला ६८ लिटर. २१ सेंटिमीटर म्हणजे एक क्युसेक, हे पत्र्यावरच रंगवून टाकावं.

यातही चुका ठरलेल्या. उंची खाचेतच मोजली तर आकडा कमी येतो, कारण तिथे पाणी पडताना खाली वाकतं. मोजपट्टी खाचेच्या वरच्या अंगाला, सव्वा मीटरवर तरी लावावी. पट्टीचं शून्य चारीच्या तळाशी नको, खाचेच्या टोकाच्या पातळीला हवं. ते लेव्हल नळीने जुळवतात. खालच्या अंगाचं पाणी टोकापेक्षा किमान ५ सेंटिमीटर खाली असायला हवं, नाहीतर नॉच बुडते आणि तक्ता खोटा ठरतो. आणि प्रवाह उंचीच्या अडीचाव्या घाताने बदलतो: २० ऐवजी २१ वाचलं तर १३ टक्क्यांचा फरक पडतो. सपाट चारीला एवढी पाडी (पाणी खाली पडायला उंची) मिळत नाही. तिथे कट-थ्रोट फ्लूम (मध्ये अरुंद होणारी मोजपन्हळ) बरा. वितरिकेच्या तोंडाशी विभागाचं मोजमाप बांधकाम असतं. त्याचा विसर्ग तक्ता शाखा कार्यालयातून मागून घ्यावा आणि सकाळ-संध्याकाळ मोजणीदारासोबत वाचन करून दोघांच्या सह्या घ्याव्यात.

तासांचा तक्ता

समजा चारीला सेकंदाला ३० लिटर मिळतात, म्हणजे ताशी १०८ घनमीटर. मातीच्या चारीत ३० टक्के गळती धरली तर शेताला ताशी साडेपंचाहत्तर उरतात. मागणी २४ हेक्टर. ८ सेंटिमीटरचं पाणी द्यायचं तर हेक्टरला ८०० घनमीटर, म्हणजे साडेदहा तास. एकूण २५४ तास, साडेदहा दिवस. आवर्तन आहे आठ दिवसांचं, १९२ तासांचं. हा फरक आधी दिसला नाही तर शेवटचे सहा हेक्टर कोरडे राहतात, आणि ते कोणाचे हे सांगायला ज्योतिषी नको.

यावर दोन वाटा. एक, विसर्ग वाढवून मागणं; वितरिकेत जागा असेल तरच. दुसरी आपल्या हातातली: ८ ऐवजी ६ सेंटिमीटरचं पाणी. मग हेक्टरला आठ तासांच्या आत, एकराला सव्वातीन तास, आणि २४ हेक्टर १९१ तासांत बसतात. पण लांबलचक साऱ्यात (शेतातल्या दोन वरंब्यांमधल्या पट्ट्यात) ६ सेंटिमीटर देता येत नाही. पाणी शेवटाला पोचेपर्यंत तोंडाशी दुप्पट मुरलेलं असतं. सारे आखूड आणि अरुंद करावेत, आणि पाणी साऱ्याच्या ऐंशी टक्क्यांवर आलं की दारं मोडावं, म्हणजे पाणी पुढच्या साऱ्यात वळवावं. उरलेलं अंतर साऱ्यातलं पाणीच चालून जातं.

तक्ता टेलकडून हेडकडे लावावा. चारी भरायला लागणारा वेळ कोणाच्याच खात्यात टाकू नये. १,२०० मीटरची चारी भरायला १८० घनमीटर तर नुसते तिच्या पोटात राहतात, कोरडी माती पिते ते वेगळं. तीन-चार तास सामाईक धरावेत. ते टेलच्या पहिल्या माणसाच्या माथी मारले की तो पुढच्या वेळी अर्ज भरत नाही. रात्रीच्या पाळ्याही फिरत्या हव्यात: या आवर्तनात ज्याला रात्र आली त्याला पुढच्याला दिवस. उसाच्या पट्ट्यात बिबट्याचा वावर असेल तर रात्री दारं धरायला दोघं जण, मोठी बॅटरी, आणि शेजारच्या पाळीवाल्याचा फोन नंबर तक्त्यातच. तक्ता चावडीवर, दुधाच्या डेअरीत आणि मोबाईलच्या ग्रुपवर लावावा. ज्यांच्याकडे मोबाईल नाही त्यांच्यासाठी दवंडी.

हेडच्या लोकांना ‘टेल टू हेड’ गळी उतरणं अवघड जातं. त्यांना आठवण द्यावी की पांझरा खोऱ्यातली फड पद्धत (बंधाऱ्याचं पाणी सगळ्यांनी मिळून वाटून घेण्याची रीत) पिढ्यान्‌पिढ्या सामाईक शिस्तीवर चालत आली, आणि दिंडोरी तालुक्यातल्या वाघाड प्रकल्पावर पाणी वापर संस्थांची सुरुवातच टेलच्या शेतकऱ्यांनी केली.

गावतळं भरून घेणं

लोकसंख्या ३,००० आणि माणशी ५५ लिटर धरले तर रोज १६५ घनमीटर. दोन आवर्तनांत ४५ दिवसांचं अंतर असेल तर ७,४२५ घनमीटर. उन्हाळ्यात बाष्पीभवन रोज ८ ते १० मिलिमीटर होतं. पाव हेक्टरच्या तलावातून ४५ दिवसांत हजारभर घनमीटर तसेच उडतात. पाझर आणि जनावरांचं पाणी धरून मागणी १०,५०० ची करावी. एक क्युसेकने हे भरायला १०३ तास, चार दिवसांहून जास्त लागतात. म्हणून तलावाचं पाणी शेवटच्या दिवशी नव्हे, पहिल्या दिवसापासूनच घ्यावं आणि हा विसर्ग शेतीच्या तक्त्याबाहेर ठेवावा. मागणी ठरावासह उपविभागाकडे लेखी जावी. तलावाचा गाळ काढताना तळाचा चिकण थर खरवडला तर पुढचं वर्षभर तलाव गळतो. पंधराव्या वित्त आयोगाच्या (२०२१-२६) निधीतला ६० टक्के बंधित हिस्सा पिण्याचं पाणी आणि स्वच्छतेसाठी असल्यामुळे त्यातून अशा कामाचा आराखडा करता येत होता.

पाणी चालू असताना

कालव्याच्या काठावरून टाकलेले डोंगळे (परस्पर पाणी ओढून घेणारे वाकडे पाईप) हा टेलचा खरा शत्रू. ११० मिलिमीटरचा एक डोंगळा अर्ध्या मीटरच्या पातळीफरकावर सेकंदाला १२ ते १५ लिटर ओढतो. दोन डोंगळे म्हणजे जवळपास एक क्युसेक, कोणाची तरी अख्खी पाळी. गावकऱ्यांनी स्वतः जाऊन पाईप फोडू नयेत, त्यात डोकी फुटतात. जागा, वेळ आणि फोटो घेऊन शाखाधिकाऱ्याला लेखी द्यावं आणि पोच घ्यावी. वरच्या आणि खालच्या दोन ठिकाणी एकाच वेळी मोजून ‘मधल्या दोन किलोमीटरमध्ये एवढे लिटर गेले’ हे दाखवलं की तक्रारीला वजन येतं.

चारी फुटली तर पहिली धाव फुटलेल्या जागी नको, दाराकडे. प्रवाह निम्म्यावर आणल्याशिवाय टाकलेली प्रत्येक पाटी वाहून जाते. मातीची पोती अर्धीच भरावीत, म्हणजे ती एकमेकांत चपखल बसतात. गच्च भरलेल्या पोत्यांमधून पाणी वाट काढतं. २०-२५ रिकामी पोती आणि सुतळी पंचायतीत आधीच ठेवावी.

उरलेलं पाणी कुठे जातं

बागायती गावाचा दुसरा आजार पंधरा-वीस वर्षांनी दिसतो: हेडची जमीन चोपण होते, विहिरींचं पाणी मचूळ लागतं, उसाच्या फडात पांढरे चट्टे पडतात. सांगली-कोल्हापूरच्या नदीकाठांना हे नवं नाही. माती तपासणीत क्षारता मीटरला ४ डेसिसायमनच्या वर असेल तर जमीन क्षारयुक्त. सामू साडेआठच्या वर आणि विनिमयक्षम सोडियम १५ टक्क्यांच्या वर असेल तर चोपण. नुसती क्षारयुक्त जमीन निचरा केला आणि गोडं पाणी दिलं की धुऊन निघते, चोपणाला त्याआधी जिप्सम लागतं. निचरा नसताना जिप्सम टाकणं म्हणजे पैसे चिखलात पुरणं.

पाणी किती वर आलंय हे बघायला तीन मीटर लांबीचा ७५ मिलिमीटरचा पीव्हीसी पाईप, खालच्या मीटरभर बारीक फटी पाडून आणि भोवती वाळू भरून, गावात सातआठ ठिकाणी उभा गाडावा. आवर्तनाआधी आणि नंतर दोरी सोडून पाणी किती खोल ते लिहावं. पाणी दीड मीटरच्या आत येऊन तिथेच राहायला लागलं तर ऊस लावण्याआधी चराचा विचार करावा.

भूमिगत निचऱ्यात छिद्रांचे ८० मिलिमीटरचे नालीदार पाईप, गाळणीचं कापड गुंडाळून, एक ते सव्वा मीटर खोल घालतात; अंतर मातीप्रमाणे २० ते ३० मीटर. पण एकट्याने आपल्या दोन एकरांत हे करून भागत नाही. ते पाणी सोडायचं कुठे? गावचा ओढा बुजवून, त्यात ऊस लावून, वर बांध घातलेला असतो. तो मोकळा करणं हे पंचायत आणि महसूल यांचं एकत्र काम आहे, आणि त्याची सुरुवात गावनकाशावरून होते. तलाठ्याकडून नकाशाची प्रत घ्यावी, ओढ्याची मूळ रुंदी त्यावर मोजावी, जागेवर चुना टाकावा, मग बैठक बोलवावी. बैठक आधी आणि मोजणी नंतर केली तर ओढा पुन्हा तिथेच बुजलेला राहतो. ओढ्याचा तळ चराच्या पाईपाच्या तोंडापेक्षा ३० सेंटिमीटर तरी खाली ठेवावा, आणि पाईपाच्या तोंडाला बेडूक-उंदीर अडवणारी जाळी लावावी.